डाव मांडणारा

आमच्या लहानपणी क्रिकेटचे नियम लंडनला ठरतात अशी मोठ्या माणसांची समजूत होती. प्रत्यक्षात ते ज्याची बॅट त्याच्या घरी ठरत. निगडी प्राधिकरणात तेव्हा बंगल्यांपेक्षा रिकामे प्लॉट जास्त होते आणि मुलांपेक्षा बॅटी फारच कमी. आमच्यातला बॅटवाला लेगला मारण्यात पटाईत. त्यामुळे लेगच्या कंपाउंडपलीकडे गेलेला चेंडू म्हणजे षटकार आणि ऑफच्या कंपाउंडपलीकडे गेलेला म्हणजे आउट, असा नियम होता. नियम सगळ्यांना सारखा होता. बॅटवाला स्वतः ऑफला मारून कंपाउंडपलीकडे गेला असता तर तोही आउटच झाला असता. पण तो ऑफला मारतच नसे. मी मारत असे. माझ्या क्रिकेटच्या कारकिर्दीचा इतिहास एवढाच आहे.

सांगायचा मुद्दा हा की, त्या वेळी मी मनाशी एक प्रतिज्ञा केली होती. कधीकाळी बॅट माझ्या हातात आली, तर मी असले नियम करणार नाही. बॅट हातात यायला पुढे पस्तीस वर्षं लागली. आली तीही मोबाइलच्या रूपाने. आणि प्रतिज्ञेचं काय झालं ते सांगण्यासाठीच हा लेख आहे.

आमचा एक भाचा आहे. भोसरीला आईवडिलांजवळ राहतो आणि चाकणच्या एका कारखान्यात मेंटेनन्सला आहे. तीन पाळ्यांतली नोकरी. एक आठवडा सकाळी, एक आठवडा दुपारी, एक आठवडा रात्री. तो घरी केव्हा असतो हे विचारायचं असेल तर पंचांग बघून चालत नाही, कारखान्याचा तक्ता बघावा लागतो. गेल्या दिवाळीत भाऊबीजेला मी ताईकडे गेलो तेव्हा हा सोफ्यावर पडून मोबाइलकडे बघत होता. मी मामाच्या अधिकाराने म्हणालो, "काय रे, सणासुदीला सुद्धा तो मोबाइल?" तो म्हणाला, "मामा, ये, तुला पण शिकवतो." चांगल्या घरातली माणसं व्यसनाला लागतात ती अशीच, आपल्या माणसांच्या प्रेमळ आग्रहाने.

खेळाचं नाव 'पॉलिटोपिया'. स्वीडनमधल्या मिडजिवान नावाच्या एका लहानशा कंपनीने तो २०१६ साली काढला. बुद्धिबळात जशी चौसष्ट घरं, तसा इथे घरांचा नकाशा असतो. सगळ्यांत लहान नकाशा १२१ घरांचा आणि सगळ्यांत मोठा ९०० घरांचा. सुरुवातीला बहुतेक नकाशावर ढग असतात. आपलं माणूस पुढे सरकेल तसे ढग हटतात आणि खाली डोंगर, जंगल, नाहीतर शेजाऱ्याचं सैन्य निघतं. प्रत्येकाला एक जमात मिळते आणि बहुतेक जमातींना सुरुवातीला एक विद्या येत असते. झिन-शी डोंगर चढतात, औमाजी घोड्यावर बसतात, बार्डूर शिकार करतात, किकू मासे धरतात. गावं ताब्यात घ्यायची, त्यांतून तारे मिळवायचे, ताऱ्यांवर नव्या विद्या आणि सैनिक घ्यायचे. थोडक्यात, आधी ठेवी गोळा करायच्या आणि मग कर्ज वाटायचं. मला तो खेळ लगेच समजला.

मी इम्पेरियस ही जमात घेतली. तिला 'संघटन' ही विद्या जन्मतःच येते. वीस वर्षं युनियनची वर्गणी भरलेल्या माणसाने दुसरी कुठली घ्यायची?

महिनाभर मी यंत्राशी खेळलो. मग भाचा म्हणाला, "मामा, आपण आपल्यातच सामना लावू. तू मांड." आणि त्याने मला ते पान दाखवलं. खेळाच्या ऐन पोटात शिरण्याआधी एक पान येतं. त्यावर डाव मांडणाऱ्याने सगळं ठरवायचं असतं. खेळणारे किती आणि कोण, नकाशा केवढा, नकाशात पाणी किती आणि जमीन किती, जिंकायचं कशावर, आणि एकेका चालीला वेळ किती. ते पान बघून मला अक्षरशः भरून आलं. वीस वर्षं मी दुसऱ्यांनी आखलेले फॉर्म भरतोय. रकाने त्यांचे, अटी त्यांच्या, शिक्के मारायला फक्त मी. आयुष्यात प्रथमच रकाने माझ्या हातात आले होते.

खेळाडू चार ठरले. मी, भाचा, आमची कन्या आणि शेजारचे नाना. नाना एका मोठ्या कारखान्यातून टूलरूमचे फोरमन म्हणून निवृत्त झालेले. त्यांनी आयुष्यभर मायक्रोमीटरने मापं घेतली, आता दृष्टी तेवढी राहिली नाही म्हणून माणसांची मापं घेतात. त्यांना मोबाइलवरचा खेळ जमेल का अशी मला शंका होती. पण "घोडा आहे ना? मग येतो मी," असं म्हणून त्यांनी औमाजी घेतले. भाच्याने डोंगर चढणारे झिन-शी घेतले. सुट्टीच्या दिवशी किल्ले चढणारा मुलगा तो. कन्येने मासे धरणारे किकू घेतले, का तर ते गोड दिसतात.

आता मी पान भरायला बसलो. चौघांना पुरेल असा १९६ घरांचा नकाशा घेतला. पाणी किती? तिथे निरनिराळे प्रकार असतात, तळ्यांचा नकाशा, बेटांचा नकाशा, कोरडा नकाशा. मी कोरडा घेतला. नवशिक्या नानांना बोटीबिटींची भानगड नको, हा माझा शुद्ध हेतू. कोरड्या नकाशात किकूंनी मासे कुठे धरायचे हा प्रश्न माझ्या मनात आला नाही असं मी म्हणणार नाही. आला. पण तो मी नानांच्या सोयीखाली झाकून ठेवला. मग जिंकायचं कशावर? एकमेकांच्या राजधान्या घेण्यावर, की आधी १०,००० गुण करण्यावर? मी गुण घेतले. तलवारीपेक्षा आकड्यांवर माझा विश्वास जास्त.

शेवटी वेळ. सगळे एका वेळी बसून खेळणार असतील तर झटपट घड्याळ लावता येतं, नाहीतर प्रत्येक चालीला २४ तास. २४ तासांत चाल झाली नाही तर तो खेळाडू बाद आणि त्याच्या जागी यंत्र खेळायला लागतं. मी २४ तास लावले. याहून न्याय्य नियम कुठला असणार? निगडीचा दिवस २४ तासांचा, भोसरीचा २४ तासांचा आणि चाकणचाही २४ तासांचाच. देवाने गरीब-श्रीमंत सगळ्यांना सारखी दिलेली एकच वस्तू आहे, ती म्हणजे दिवसाचे तास, असं मी कन्येला ऐकवलं सुद्धा. ती काही बोलली नाही. कोरडा नकाशा दिसल्यापासून ती माझ्याशी कमीच बोलत होती.

डाव पाच आठवडे चालला. कन्येचे कोळी वाळवंटात जाळी घेऊन हिंडत होते, ते सगळ्यांत मागे पडले. नानांनी घोडेस्वार चौफेर उधळले आणि ते मागच्या मागे परत बोलवायचे विसरले. खरी लढत उरली मामा-भाच्यात. आणि एका बुधवारी परिस्थिती अशी होती, की माझे गुण ७,२००, भाच्याचे ८,९०० आणि त्याची तीन माणसं माझ्या राजधानीच्या वेशीवर. माझी चाल झाली की त्याची. त्याची चाल आली की माझी राजधानी जाणार, हे आमच्या बँकेतल्या शिपायालाही दिसलं. त्याने तसं सांगितलंही.

त्या आठवड्यात भाच्याची दुपारची पाळी होती. मला तक्ता पाठ होता. तो पावणेदोनला भोसरीहून कंपनीच्या बसमध्ये बसतो. मोशीची गर्दी, नाशिक रस्त्यावरची ट्रकची रांग आणि चाकणचा चौक पार करून बस तीनच्या आत फाटकाशी पोचते. बसमध्ये तासभर त्याला मोबाइल बघायला वेळ असतो. फाटकातून आत गेलं की मोबाइल लॉकरमध्ये. माझी चाल मी सकाळी चहा घेताना करू शकलो असतो, जेवताना करू शकलो असतो. मी ती दोन वाजून पन्नास मिनिटांनी केली. मुद्दाम पाणी प्यायला म्हणून उठलो आणि माठाशी उभं राहून केली.

यात काही चूक आहे का? कुठल्याही नियमात बसवून बघा, बसतं. मला २४ तास होते, त्यांतला कुठलाही क्षण मी निवडू शकत होतो. त्यालाही पुढचे २४ तास होतेच. रात्री साडेबाराला घरी येऊन तो चाल करेल आणि माझी राजधानी घेईल. मी फक्त मरण लांबवत होतो. मरण लांबवायचा हक्क फाशीच्या कैद्यालाही असतो.

पण रात्री अकराला ताईचा फोन आला. दुसऱ्याच कामासाठी होता, पण बोलता बोलता ती म्हणाली, "अरे, हा आज डबल करतोय. उद्या गुरुवार ना, कारखाना बंद. रात्रीच मशीन उघडायचंय म्हणून थांबवलंय. सकाळी सातला सुटेल." बाहेरच्या वाचकांना सांगायला हवं, की आमच्या या पट्ट्यात, भोसरीला काय किंवा चाकणला काय, पुष्कळ कारखान्यांचा रविवार गुरुवारी येतो. फोन ठेवल्यावर मी हिशेब केला. हिशेबात मी कच्चा नाही. सातला सुटणार, साडेआठला घरी, अंघोळ, नाश्ता, साडेनवाला झोप. सोळा तास उभा राहिलेला चोवीस वर्षांचा मुलगा साडेनवाला झोपला तर दोन पन्नासच्या आत उठतो की नाही?

गुरुवारी सकाळी डबा भरताना आमची सौभाग्यवती म्हणाली, "अहो, तुमचा तो डाव आज त्याच्यावर आहे ना? झोपायच्या आधी फोन करून आठवण करा की त्याला." घरातली सगळी माणसं माझा खेळ इतक्या लक्षपूर्वक बघतात याची मला कल्पना नव्हती. मी म्हणालो, "रात्रभर जागलेला मुलगा. झोपेच्या माणसाला त्रास देऊ नये. आपले काही संस्कार आहेत की नाही?" हे वाक्य मी इतक्या कळकळीने बोललो की क्षणभर मलाही ते खरं वाटलं. माणूस पाप करताना पुण्याचा शब्द वापरतो तेव्हा आवाजाला एक वेगळाच गोडवा येतो.

दोन वाजून पन्नास मिनिटं झाली तेव्हा मी काउंटरवर होतो. समोर एक गृहस्थ पासबुक घेऊन उभे होते. मी एकोणपन्नास मिनिटांपासून घड्याळाकडे बघत होतो आणि त्यांना वाटलं, मी जेवायच्या सुट्टीकडे बघतोय. पन्नास झाले. भाचा बाद झाला. त्याच्या जागी यंत्र आलं. तीन वाजता त्याचा मेसेज आला, "अरेरे! झोप लागली." पुढे हसण्याचं चित्र.

यंत्राने काय केलं? वेशीवर आणून ठेवलेली तीन माणसं उचलून भलत्याच दिशेला नेली. जणू बदली झालेल्या मॅनेजरच्या जागी आलेला नवा मॅनेजर. जुन्याने काय योजना आखली होती याची त्याला दखल नाही. पुढच्या काही चालींत मी यंत्राची गावं एकेक करून घेतली आणि १०,००० गुण पुरे केले. पडद्यावर माझ्या विजयाची घोषणा झाली. मी घरात बघितलं. अभिनंदन करणारा तो पडदा एकटाच होता.

आता माझी खरी पंचाईत सुरू झाली. नियम मोडला असता तर बरं झालं असतं, कबूल करून मोकळा झालो असतो. पण नियम मोडलेलाच नव्हता. मोडला नसेल तर मग पोटात हे काय टोचतंय?

मी माझ्या बाजूचे साक्षीदार गोळा करू लागलो. एक तर फारच मोठा सापडला. इलॉन मस्क हा जगातला अतिश्रीमंत माणूस याच खेळाच्या नादी लागलेला आहे. २०२३ साली वॉल्टर आयझॅकसन यांनी लिहिलेलं त्याचं चरित्र आलं, त्यात या खेळातून तो आणि त्याचा भाऊ आयुष्याचे धडे काढतात असं सांगितलंय. त्यांतल्या एका धड्याचा आशय असा, की दुसऱ्याबद्दलचा कळवळा ताळेबंदात मालमत्तेच्या बाजूला मांडता येत नाही. हे वाचून मला हायसं वाटलं. मग एकदम बी.कॉम. आठवलं. मालमत्तेच्या बाजूला आम्ही 'गुडविल' नावाचा एक रकाना शिकलो होतो. नाव, पत, लोकांचा भरवसा. दिसत नाही, हाताला लागत नाही, पण मालमत्ताच. तिथेच आणखी एक गंमत शिकलो होतो. दुसऱ्याचा धंदा विकत घेताना गुडविलचे पैसे मोजले तर ते वहीत दाखवता येतं. आपण स्वतः वर्षानुवर्षं राबून कमावलेलं गुडविल मात्र वहीत मांडता येत नाही. ते असतं, पण त्याची नोंद नसते. मामा-भाच्यातलं सगळं गुडविल या दुसऱ्या प्रकारचं. माझ्या वहीत १०,००० गुण दिसत होते. कमी काय झालं, ते वही सांगणार नव्हती.

नानांना मी गाठलं. नाना म्हणाले, "तुम्ही काही नवीन केलेलं नाही. हे काम हस्तिनापुरात होऊन गेलंय." आणि त्यांनी मला सभापर्व सांगितलं. द्यूताची सभा कौरवांनी बांधली. दिवस त्यांनी ठरवला. आमंत्रण न्यायला विदुरासारखा सज्जन पाठवला, म्हणजे नाही म्हणता येऊ नये. आणि पांडव येऊन बसल्यावर सांगितलं, की पण दुर्योधनाचा, पण फासे टाकणार शकुनी. एकाच्या वतीने दुसऱ्याने खेळायचं हे काही बरं नव्हे, असं युधिष्ठिर म्हणाला सुद्धा. म्हणाला आणि खेळायला बसला. "आता बघा," नाना म्हणाले, "फासे दोघांना तेच. नियम दोघांना तोच. पण मांडणाऱ्याने पहिली चाल सभेचा पाया खणतानाच केलेली होती."

"पण नाना, शकुनीने कपट केलं. मी कुठे केलं?"

"म्हणूनच तुमचं अवघड आहे," नाना म्हणाले. "त्याला निदान लोक शिव्या तरी देतात."

कन्येकडे गेलो. ती कॉलेजात राज्यशास्त्र शिकते. तिने कोरड्या नकाशाचा हिशेब चुकता करून घेतला. जॉन रॉल्स म्हणून हार्वर्डचे एक प्राध्यापक होते, त्यांनी १९७१ साली न्यायाच्या सिद्धान्तावर एक जाडजूड ग्रंथ लिहिला. त्यातला विचार असा, की समाजाचे नियम करणाऱ्यांनी अज्ञानाच्या पडद्याआड बसून नियम करावेत. पडदा उठल्यावर आपण श्रीमंत असणार की गरीब, धट्टेकट्टे की आजारी, हे त्यांना ठाऊक असता कामा नये. मग जो नियम होईल तो न्याय्य. "बाबा," कन्या म्हणाली, "ढग तुझ्या नकाशावर होते. नकाशा निवडताना तुझ्या डोळ्यांवर नव्हते. मी मासेवाली आहे हे तुला माहीत होतं."

मी कॉमर्सचा माणूस, मला हे भागीदारीच्या भाषेत कळलं. १९३२ च्या भागीदारी कायद्यात एक कलम आहे. भागीदारांनी नफ्याचा करार केला नसेल, तर नफा सारखा वाटायचा. कायदा करणाऱ्यांना ठाऊक होतं, की करार जो लिहितो त्याची लेखणी स्वतःकडे किंचित कलते. आमच्या आईला रॉल्स ठाऊक नव्हता आणि भागीदारी कायदाही नव्हता. पण मी आणि ताई खरवसाच्या वडीवरून भांडायला लागलो की ती म्हणायची, "एकाने कापायची, दुसऱ्याने आधी उचलायची." त्या दिवसांत मी वडी कापायचो ती नानांच्या मायक्रोमीटरने मोजली तरी फरक सापडला नसता.

तेव्हा माझ्या २४ तासांच्या नियमात खोट कुठे होती ते मला दिसलं. तास सगळ्यांना सारखे मिळतात, पण ते सगळ्यांच्या मालकीचे नसतात. माझ्या २४ तासांतले चोवीसच्या चोवीस माझ्या खिशात असतात. बँकेत असलो तरी चहा, पाणी, खालच्या मजल्यावर सहीला जाणं, यांत मोबाइल बघता येतो. भाच्याच्या २४ तासांतले सोळा त्या दिवशी लॉकरमध्ये होते, तीन रस्त्यावर होते आणि उरलेल्या पाचांवर झोपेचा बोजा होता. त्याच्या नावावर शिल्लक २४ आणि काढता येण्यासारखी शून्य. असं खातं बघितल्यावर बँकेतला कुठलाही माणूस ते चालू खातं आहे असं म्हणणार नाही.

आणि मग एक जुनीच गोष्ट टोचू लागली. दर गुरुवारी आमच्या काउंटरवर कारखान्यांतल्या मुलांची गर्दी असते. त्यांना तोच एक दिवस. कुणाचं आधार जोडायचं, कुणाची सही जुळत नाही, कुणाचं गावाकडचं खातं बंद पडलंय. एखादा कागद कमी असतो. वेळ संपलेली असते. मुलगा म्हणतो, "साहेब, पुढच्या गुरुवारशिवाय येता येणार नाही." आणि मी म्हणतो, "नियम सगळ्यांना सारखा आहे." वीस वर्षं म्हणतोय. या वाक्यात खोटं काहीच नाही. खिडकी साऱ्यांना त्याच वेळी उघडते आणि त्याच वेळी बंद होते. फक्त खिडकीच्या आतला माणूस उशिरा पोचला असं कधी होत नाही. एवढी वर्षं मी समजत होतो की मी फॉर्म भरणारा आहे. पण पलीकडून बघणाऱ्याला बॅट माझ्याच हातात दिसत असणार.

प्रायश्चित्त म्हणून मी संपूर्ण न्याय्य सामना मांडायचं ठरवलं. जमाती चिठ्ठ्या टाकून, नकाशा चौघांच्या संमतीने, वेळ सगळ्यांच्या पाळ्या बघून. चौघांचा एक व्हॉट्सअॅप गट काढला. पहिल्या आठवड्यात नानांनी विचारलं, की चिठ्ठ्या कोण उचलणार. दुसऱ्या आठवड्यात कन्येने विचारलं, की चिठ्ठ्या उचलणारा कोण निवडणार. तिसऱ्या आठवड्यात परीक्षा आल्या. महिना झाला तरी एक चाल झाली नाही. न्याय परिपूर्ण होता, कारण खेळच नव्हता. तेव्हा मला बॅटवाल्या मुलाचीही आठवण झाली. नियम त्याचे होते खरे, पण चार वाजता दारोदार हाका मारत तोच फिरायचा. कुणीतरी मांडल्याशिवाय डाव होत नाही. आणि जो मांडतो तो कितीही सज्जन असला तरी स्वतःच्या खुर्चीवर बसूनच मांडणार.

शेवटी मी भोसरीला गेलो. गुरुवार बघूनच गेलो, त्यासाठी रजा टाकली. ताई देवळात गेली होती. मी भाच्याला सगळं सांगितलं. दोन पन्नासची चाल, ताईचा फोन, न केलेला फोन. तो ऐकून हसला.

"दोन पन्नासची चाल दिसली होती मला, मामा."

"मग बोलला का नाहीस?"

"बोलायचं काय त्यात? नियमात बसतंय की."

माझंच वाक्य होतं ते. पण ते काउंटरच्या या बाजूने ऐकायला कसं लागतं, हे मला त्या दिवशी कळलं.

मी म्हणालो, "आता डाव तू मांड. नकाशा तुझा, घड्याळ तुझं." त्याने मांडला. मी उत्सुकतेने बघत होतो, हा माझ्यावर काय उगवतो. त्याने नकाशात पाणी घेतलं, म्हणजे कन्येची सोय झाली. घड्याळ मात्र तेच ठेवलं, २४ तासांचं. मी विचारलं, "आणि तुझी डबल शिफ्ट?" तो म्हणाला, "घड्याळ राहू दे. ज्याची वेळ संपत आलीय त्याला फोन करायचा. कुणीही, अगदी हरत असला तरी. बास." मी पडद्यावर ही अट कुठे लिहायची ते शोधलं. नकाशाला रकाना होता, जमातीला होता, वेळेला होता. याला नव्हता.

त्या गोष्टीला आता दोन महिने झाले. डाव अजून चालू आहे. नाना आघाडीवर आहेत. नियम चौघेही पाळतात. भाचा तर फारच काटेकोर पाळतो. सध्या त्याची रात्रपाळी आहे. सकाळी सातला सुटला की बसमध्ये बसल्याबरोबर तो तक्ता बघतो, कुणाची चाल अडली आहे. परवा रविवारी, दुसऱ्या शनिवारला जोडून आलेल्या माझ्या हक्काच्या सुट्टीच्या दिवशी, सकाळी सात वाजून पाच मिनिटांनी माझा फोन वाजला.

"मामा, ऊठ. तुझे दोनच तास राहिलेत."

झोपेच्या माणसाला त्रास देऊ नये हा संस्कार त्या मुलावर कुणी केलेला दिसत नाही.